बरक्यातलं श्रमिक भवन

पासपोर्ट कुठे ठेवलाय हे प्रेमानंद गजभियेला पक्कं ठाऊक होतं, आणि तेच जास्त छळायचं. मस्कतमधल्या अझैब्याच्या ऑफिसात मॅनेजर मधुसाहेबांच्या खुर्चीमागे हिरवी लोखंडी तिजोरी, तिच्या दुसऱ्या खणात रबरबँड लावलेले गठ्ठे, आणि कंपनीच्या एकशे चौदा माणसांच्या त्या गठ्ठ्यांत कुठेतरी त्याचाही. दर आठवड्याला कॅसेट जमा करायला तो त्या तिजोरीपासून हातभर अंतरावर उभा राहायचा, सही करायचा आणि परत फिरायचा.

माणूस कलावंत, बरं का. नागपुरात चित्रकला शिकलेला, पुण्यात चारजणांच्या हाताखाली कॅमेरा शिकलेला. दोन लहान फिल्मही केलेल्या. एक पाण्याच्या टाकीवर, दुसरी एका जुन्या बसस्टँडवर. माणसं कमी आणि काँक्रीट जास्त. बघणारे जांभया द्यायचे. ज्यांना कळायचं ते उठून हात मिळवायचे, असे एकूण सात-आठजण असतील. तिसरी फिल्म करायची होती ती श्रमिक भवनावर. तिच्यासाठी चार पैसे गाठीला लावावेत म्हणून शहाण्णव साली हा पठ्ठ्या दोन वर्षांच्या करारावर ओमानला आला. काम काय, तर अर्बाबच्या, म्हणजे ओमानी मालकाच्या, कंपनीच्या साइटवर जाऊन दर आठवड्याला ‘प्रोग्रेस व्हिडिओ’ काढायचा. या आठवड्यात पाया, पुढच्या आठवड्यात कॉलम, त्याच्या पुढच्या आठवड्यात तेच कॉलम चार फूट उंच. हीसुद्धा काँक्रीटवरचीच फिल्म, असं तो पहिले दोन महिने स्वतःला समजावत होता. मग समजावणंही सोडलं.

आता हे श्रमिक भवन काय ते सांगायला हवं. मध्य प्रदेशात रशियनांच्या मदतीने पोलादाचा कारखाना उभा राहिला, तेव्हा विदर्भातून जी माणसं तिकडे गेली त्यांत प्रेमानंदचे वडील भगवान होते. कारखान्याबरोबर कामगारांची वसाहत उठली आणि वसाहतीच्या मधोमध बासष्ट साली हे भवन. सुपाच्या आकाराचं सभागृह, वर घड्याघड्यांचं काँक्रीटचं छत, आत एकही खांब नाही. रविवारी तिथेच पडदा लावून सिनेमा दाखवायचे. समोरच्या भिंतीवर रंगीत तुकड्यांचं दोन मजली चित्र: एक ओतारी, एक गव्हाची पेंढी घेतलेली बाई आणि मधे रॉकेट. त्या बाईला वसाहतीतली सगळी पोरं मावशी म्हणायची. शिकलेले पाहुणे आले की नाक मुरडायचे, काय हा सरकारी ठोकळा म्हणायचे. म्हणोत बापडे. भगवान गजभियांचं म्हणणं एकच होतं, आणि ते त्यांनी पोराला शंभरदा ऐकवलं होतं.

“गावात आमच्या आजीले देवळाच्या मागून जा लागे. कशाच्याच पुढच्या दारातून आमी कवा गेलो नाही. भवनाले एकच दार आहे. जनरल मॅनेजर थ्याच दारानं, मी बी थ्याच दारानं. समजलं का?”

तर हे भवन पाडून तिथे बाजार-संकुल बांधायचं ठरलं होतं. तारीखही निघाली, तीस नोव्हेंबर सत्त्याण्णव. दर शुक्रवारी अकरा वाजता भगवान वसाहतीतल्या टेलिफोन बूथवर येऊन बसायचे आणि प्रेमानंद इकडून कार्ड घालून फोन लावायचा. ऑगस्टमध्ये ती बातमी त्याला याच फोनवर कळली. आणि सगळ्यात चीड आणणारी गोष्ट म्हणजे या माणसाकडे, कॅमेऱ्यावर पोट भरणाऱ्या माणसाकडे, भवनाचा एक फोटो नव्हता. रोजच्या जागेचा फोटो कोण काढतो हो?

तो रजा मागायला गेला. मधुसाहेब तसा वाईट माणूस नव्हता. केरळचा, गृहस्थ, बारा वर्षं मॅनेजरकी करून कंटाळलेला.

“बिल्डिंग गिरने के लिए छुट्टी?” त्याने चष्मा कपाळावर चढवला. “आदमी मरता है तो छुट्टी है. बिल्डिंग का मेरे पास फॉर्म नहीं है.”

“सिर्फ दस दिन, सर.”

“दो साल पूरा करो. अगस्त में जाओ. इन्शाल्ला.”

कामगारांच्या कॅम्पातल्या जितेशने, त्याच वसाहतीत वाढलेल्या इलेक्ट्रिशियनने, त्याला नेहमीचा उपाय सांगितला: घरून तार मागव, बाप सीरियस म्हणून. निम्मा कॅम्प तसाच तर घरी जाऊन येतो. प्रेमानंदने लाज गिळून पुढच्या शुक्रवारी बापाला तसं सांगितलं. मग भगवान म्हणाले, “मी जित्ता आहो. खोटी तार मी नाही पाठवत. तू खरं सांगून ये.” आता खरं सांगूनच तर नकार मिळाला होता! पण हे बापाला कोण समजावणार? प्रेमानंद आणखी दोनदा मधुकडे गेला आणि दोनदा हात हलवत परत आला. ऑक्टोबर संपेपर्यंत त्याला रात्रंदिवस एकच वाटत होतं, की आपल्याला कुणी कोंडलेलं नाही, दार उघडं आहे, समोर समुद्र दिसतोय, आणि तरी आपण इथून एक पाऊल हलू शकत नाही. त्यापेक्षा सरळ कुलूप परवडलं.

नोव्हेंबरच्या पहिल्या आठवड्यात तो मस्कतबाहेर बरक्याला शूटिंगला गेला. अर्बाबचं नवं गोदाम तिथे व्हायचं होतं. नुसता सपाट केलेला प्लॉट, पलीकडे कुणाच्या खजुराच्या बागेची भिंत, आणि मधे एकनाथ परब एकटा उन्हात दुर्बिणीला डोळा लावून उभा. एकनाथ कंपनीचा सर्व्हेअर. सावंतवाडीकडचा, अकरा वर्षं ओमानात, तोंडाने फटकळ आणि मापाला पक्का. त्या दिवशी त्याने वॉचमनच्या खोलीची आखणी केली. चार खुंट्या, दोरी, आणि डब्यातून चुन्याच्या भुकटीची पांढरी रेघ. फक्की म्हणतात ती. अर्ध्या तासात मोकळ्या जमिनीवर खोली तयार. मग चहावाला आला आणि प्रेमानंद बघतच राहिला. तो माणूस रेघेवरून सरळ चालत आला नाही. वळसा घालून, जिथे दाराची फट सोडली होती तिथून आत शिरला आणि म्हणाला, चाय.

“एकनाथदादा, हा असा का आला?”

“फक्की म्हणजे भिंत,” एकनाथ कप घेत म्हणाला. “साइटवर फक्कीला सगळे घाबरतात. तो सिराज बघ, जेसीबीवाला. त्याला नकाशा कळत नाही, इंजिनिअरचं तो ऐकत नाही. पण फक्की दिसली की खोदणार. फक्की म्हणजे हुकूम, मेल्या!”

झालं. प्रेमानंदच्या डोक्यात जे शिरायचं ते शिरलं. भवनापाशी जाता येत नाही ना? मग भवन इथे आखायचं. पुऱ्या मापाचं. आणि ज्यांच्या डोक्यात ते शिल्लक आहे त्यांना त्याच्या आत सोडायचं.

एकनाथने आधी त्याला वेड्यात काढलं, मग शिव्या घातल्या, मग विचारलं, “मापं खंय आहेत?”

मापं कुठून असणार! मूळ नकाशे मॉस्कोचे. होती ती माणसं. कॅम्पात त्या वसाहतीतले चौघे होते. जितेश, पन्नाशीचा वेल्डर प्रितम आणि आणखी दोघे. पंधरा दिवस रोज संध्याकाळी मेसमध्ये हे चौघे आणि एकनाथ डोकी लावून बसायचे. प्रितम म्हणायचा पायऱ्या सात, जितेश म्हणायचा नऊ. हमरीतुमरीवर यायचे. एकनाथ कपाळाला हात लावायचा.

“पायऱ्या ऱ्हाऊ देत. दारापासून तिकिटाच्या खिडकीपर्यंत किती?”

“ते कसं सांगू? पण रविवारी चाळीस माणूस रांगेत उभं राहायचं. एकेचाळिसावा उन्हात.”

“माणसामागे दीड फूट. साठ फूट,” एकनाथ लिहून घ्यायचा. “गॅलरी पुढच्या रांगांपासून किती लांब?”

“गॅलरीतून मी एकदा चप्पल फेकली होती,” जितेश म्हणाला. “चौथ्या रांगेतल्या एका साहेबाच्या टकलावर बसली.”

“किती वर्षांचा होतास?”

“दहा.”

एकनाथने अंगणात नेऊन त्याच्याकडून डाव्या हाताने चप्पल फेकून घेतली. डाव्या हाताने का, तर तिशीतल्या माणसाचा डावा हात म्हणजे दहा वर्षांच्या पोराचा उजवा. हसून हसून सगळ्यांची मुरकुंडी वळली, पण माप निघालं. असं एकेक. कुणाच्या लग्नातल्या पंगतीवरून मागचा व्हरांडा, चौदा एप्रिलच्या मिरवणुकीतल्या गाडीवरून फाटक, कुणी कुठे पडला, कुणाला कुठे मुलगी पहिल्यांदा दिसली. प्रेमानंदला वर्षभरात इतकं बरं वाटलं नव्हतं. माणसं त्याच्याजवळ येऊन बसायची आणि आपणहून सांगायची. ज्यांचा वसाहतीशी काही संबंध नव्हता तेही येऊन आपापल्या गावच्या जागा सांगून जायचे. एकनाथसुद्धा खुशीत होता. अकरा वर्षांनी पहिल्यांदा त्याची बायको आणि मुलगी आकांक्षा डिसेंबरात दोन महिने मस्कतला यायच्या होत्या. व्हिसा हातात आला होता, अझैब्यात एक खोली बघून ठेवली होती, तिला पडदेही लावून झाले होते.

एकवीस नोव्हेंबर, शुक्रवार, सुट्टी. सकाळीच सगळे एकनाथच्या पिकअपमधून बरक्याला गेले. एकनाथने दुर्बीण रोवली आणि जितेशला हाताने इकडे-तिकडे नाचवत सुपाची वळणदार भिंत ओढून काढली. प्रेमानंद पिकअपच्या टपावर कॅमेरा घेऊन. वारा इतका होता की आवाजाच्या नावाने नुसती घरघर येत होती, म्हणून त्याने माईकच काढून टाकला. आवाज मागाहून भरू. तसाही त्याचा एक नेम होता, आणि त्याचा त्याला भारी अभिमान: आपल्या फिल्ममध्ये आपण दिसायचं नाही, ऐकू यायचं नाही, आपली सावलीसुद्धा फ्रेममध्ये पडू द्यायची नाही. जागा बोलली पाहिजे, दिग्दर्शक नव्हे. एकनाथला मात्र तो वरून ओरडून सांगत होता. हात असा उंच कर, इकडे बोट दाखव, जरा रुबाबात उभा राहा. एकनाथ लाजत लाजत करत होता.

दुपारी चारपर्यंत भवन तयार झालं. मग चौघांना बाहेर फाटकाशी उभं करून प्रेमानंदने सांगितलं, या आत.

काही शिकवावं लागलं नाही. चौघेही एका दाराने आत आले. प्रितमचा हात आपसूक वरच्या खिशाकडे गेला, तिकीट काढायला. मग तो चालत चालत चौथ्या रांगेत गेला आणि मातीवर खाली बसला. पन्नाशीचा गडी, तोंड समोर करून, जिथे पडदा असायचा तिथे खजुराच्या बागेची भिंत होती तिच्याकडे बघत बसून राहिला. बाकीचे तिघेही बसले. कुणी हसलं नाही. जितेशचे डोळे वाहत होते आणि तो पुसतही नव्हता. प्रेमानंद टपावरून हे टिपत होता. हीच ती फिल्म. मॉस्कोचे नकाशे गेले खड्ड्यात, भवन म्हणजे ही चार माणसं.

पाच वाजता, कॅमेरा चालूच असताना, एकनाथ फक्कीवरून ओढायच्या लाकडी पाटीला दोरी बांधून आला. “चला, पुसून टाकूया. उद्या मला इथे गोदाम आखायचंय.”

“दादा, एवढी एक रात्र राहू दे ना. सकाळच्या उन्हात एक शॉट पाहिजे. लांब सावल्या पडतात.”

“मेल्या, सावल्यांचं काय घेऊन बसलास? उद्या सिराज येतोय.”

“सिराज आठला येतो. मी साडेपाचच्या गाडीने येतो, शॉट घेतो आणि माझ्या हाताने पुसतो. शब्द देतो.”

एकनाथने पाटीकडे बघितलं, रेघांकडे बघितलं. त्यालाही पुसवत नसावं. पाटी पिकअपमध्ये टाकून तो म्हणाला, “शब्द पाळ म्हणजे झालं.”

शनिवारी पहाटे पाचला ड्रायव्हर दारात उभा. मधुसाहेबांचा निरोप: इब्र्याच्या साइटवर पाहुणे येणार आहेत, व्हिडिओवाला तिकडे पाहिजे, यल्ला, चल लवकर. प्रेमानंद गयावया करत म्हणाला, आधी बरका. ड्रायव्हर म्हणाला, बरका या बाजूला, इब्रा त्या बाजूला, माझ्याकडे एकच गाडी. प्रेमानंदने जितेशला हलवून जागं केलं आणि सांगितलं, एकनाथदादाला सांग, पुसायला. जितेश सांगायला गेला हो, पण एकनाथ तोवर अझैब्याला गोदामाचा नकाशा आणायला निघून गेला होता. वाटेत पेट्रोल पंपावरून प्रेमानंदने फोन लावले. ऑफिस उघडलं नव्हतं. प्लॉटवर फोनच नव्हता. दोन तास तो गाडीत बसून काचेबाहेरचे डोंगर मागे पडताना बघत राहिला, आणि दरवाजा उघडून उडी मारावी असं त्याला तीनदा वाटलं.

तिकडे सिराज नेमका त्या दिवशी सहालाच हजर झाला. त्याला दुपारी दुसरीकडे काम होतं. प्लॉटवर बघतो तर फक्की मारून तयार! जरा वाकडी होती, गोलाकार होती, पण अर्बाबलोक काय वाट्टेल ते बांधतात, आपल्याला काय? हुकूम तो हुकूम. साडेनऊला एकनाथ पोचला तेव्हा सुपाची अर्धी भिंत कंबरभर खोल खोदून झाली होती, चाळीस माणसांच्या रांगेची जागा खणून झाली होती आणि व्हरांड्याच्या कोपऱ्यावर शेजारच्या बागेची पाण्याची पाइपलाइन फुटून सगळा खंदक भरून वाहत होता.

ती बाग अर्बाबच्या सख्ख्या चुलत्याची. म्हातारा. बागेला दोन दिवस पाणी नाही. म्हाताऱ्याने अर्बाबला भरल्या मजलिसीत, दहा माणसांदेखत विचारलं, की तुझ्या माणसांना तुझी जमीन कुठे संपते तेवढंही माहीत नाही का? अर्बाब हसन शांत माणूस, आवाज चढवणारा नव्हता. ऑफिसात येऊन तो मधुला एवढंच म्हणाला, की हे ज्याने केलं तो या आठवड्यात विमानात बसला पाहिजे.

कॅम्पात सगळ्यांनी तोंडं शिवून घेतली. कुणी आखलं, माहीत नाही. कशाला आखलं, माहीत नाही. सिराज म्हणाला, मैंने लकीर देखी. एकनाथने मान खाली घातली आणि गप्प राहिला. तो प्रेमानंदचं नाव घेणार नव्हता, हे प्रेमानंदला कळत होतं. आणि इथेच, या शहाण्या माणसाच्या मनात असं काही आलं की त्याचं त्यालाच हायसं वाटलं. गुन्हा आपला. शिक्षा काय, तर घरी पाठवणं. आज सव्वीस तारीख. भवन तीसला पडणार. अरे, मग अडलंय कुठे?

तो धावतच अझैब्याला गेला. एकनाथदादा सुटेल, आपण सुटू, बाप बूथवर नाही तर भवनाच्या दारात भेटेल. त्याने मधुसमोर उभं राहून सगळं सांगितलं. कल्पना माझी, हट्ट माझा, पुसू नको म्हणालो तोही मीच. मला पाठवा.

मधु ऐकत होता. मग तो हसायलाच लागला.

“तीन महीने से तुम छुट्टी मांगता है. तीन बार मना किया. अभी बोलता है मेरा गलती, मेरे को भेजो. मैं इधर बारह साल से बैठा है, प्रेमानंद. नकली टेलीग्राम देखा, नकली बीमारी देखा. नकली गुनाह पहली बार देखा.”

“खरंच... सच है सर. मेरे पास सबूत है. पूरा शूटिंग है.”

“शूटिंग है?” मधु सरळ बसला. “लाओ.”

प्रेमानंदने पिशवीतून कॅसेट काढून स्वतःच्या हाताने टेबलावर ठेवली. एकच प्रत. दुसरी काढायला सवड मिळाली नव्हती.

दुपारी अर्बाबच्या खोलीत टीव्ही लागला. अर्बाब कोचावर, मधु बाजूला, एकनाथ आणि प्रेमानंद दाराशी उभे. अर्बाबने दोघांनाही कहव्याचे, अरबी कॉफीचे, कप दिले. त्याची रीत तशी होती. चित्र सुरू झालं. काय सुरेख चित्र होतं! निळं आकाश, लालसर माती, आणि मधे एकनाथ. एकनाथ दुर्बिणीपाशी. एकनाथ हात उंच करून हुकूम सोडतोय. एकनाथ बोट दाखवतोय आणि जितेश धावतोय. एकनाथ डब्यातून फक्की सोडत स्वतः वाकून वळण काढतोय, रुबाबात मागे होऊन बघतोय, पुन्हा बोट दाखवतोय. चाळीस मिनिटं एकनाथ परब बरक्याच्या जमिनीवर भलतीच इमारत आखत होता. मग चौघे येऊन मातीत बसले, आणि शेवटी एकनाथ पाटी घेऊन आला, कुणाशी तरी दोन शब्द बोलला आणि पाटी गाडीत टाकून निघून गेला. आवाज नाही. कुणाशी बोलला ते फ्रेमबाहेर.

“तुम किधर है इसमें?” मधुने विचारलं.

“कॅमेरे के पीछे, सर. उससे बोल रहा है ना, वो मैं है. मैंने बोला मत मिटाओ.”

“आवाज किधर है?”

“हवा थी... माइक निकाला था.”

“छाया? हाथ? कुछ?”

प्रेमानंदने पुन्हा पहिल्यापासून लावायला सांगितलं. लावली. तो टीव्हीच्या काचेला नाक लावून स्वतःची सावली शोधत होता, कुठेतरी चुकून, एका कोपऱ्यात, टपाची तरी. नव्हती. काम फार चोख झालं होतं.

“दादा, तू सांग ना यांना!” तो एकनाथकडे वळला. “बोल काहीतरी!”

एकनाथ टीव्हीकडेच बघत होता. “काय सांगू?” तो हळू म्हणाला. “फक्की माझीच आहे. आखणी सर्व्हेअरची. पुसायची जबाबदारी पण सर्व्हेअरची.”

अर्बाबने कप खाली ठेवला. “खलास,” तो म्हणाला, रागाने नव्हे.

शुक्रवारी एकनाथला पासपोर्ट मिळाला. प्रेमानंदने ते गठ्ठ्याचं रबरबँड सुटताना बघितलं. पिकअपमध्ये बॅग टाकून एकनाथ क्षणभर थांबला. चूक माझी, माफ कर, असलं काहीतरी प्रेमानंद पुटपुटत होता.

“तू कशाला मरायला ती टेप दिलीस?” एकनाथने विचारलं. “कुणाकडे काही नव्हतं. आठ दिवस गप्प बसलो असतो तर म्हातारा थंड झाला असता, सगळं विसरले असते. तुला घरी जायची घाई.” मग त्याने बॅग आत सारली. “पोरीला सांगितलंय समुद्राजवळ खोली आहे म्हणून. आता ती मला तिकडेच भेटेल.” आणि तो गाडीत बसला.

भवन तीसलाच पाडायला घेतलं. पुढच्या शुक्रवारच्या फोनवर भगवान म्हणाले, “अडीच दिवस लागले. लई मजबूत व्हतं. मावशी सगळ्यात शेवटी पडली.” मग म्हणाले, “तू फिल्म काढली म्हनत होता ना? बरं झालं. आली की दाखव.” प्रेमानंदने हो म्हटलं. कॅसेट मधुच्या तिजोरीत होती, पासपोर्टांच्या वरच्या खणात, पुरावा म्हणून.

मधु मात्र प्रेमानंदवर खूश झाला होता. इतकं स्वच्छ शूटिंग, कोण काय करतो ते आरशासारखं. त्याने अर्बाबकडून मंजुरी आणली: आता आठवड्याने नाही, रोज. सगळ्या साइट, सगळी माणसं, कामावर येताना आणि जाताना. म्हणजे उद्या कुणी खोटं बोलायला नको. आणि असा माणूस ऑगस्टमध्ये सोडणं परवडणार नाही, कराराचं बघू, इन्शाल्ला.

त्या संध्याकाळी प्रेमानंद मेसमध्ये गेला. नेहमीच्या टेबलावर प्रितम काहीतरी सांगत होता, हाताने मोठं काही दाखवत होता आणि पाच-सहाजण ऐकत होते. भवनाचंच असावं. प्रेमानंद ताट घेऊन बाकाच्या टोकाला टेकला आणि प्रितमचा हात हवेतच थांबला. मग प्रितमने पाण्याचा ग्लास उचलला. एकजण हात धुवायला उठला, त्याच्या मागोमाग दुसरा.

“सांगा ना, प्रितमकाका,” प्रेमानंद म्हणाला. “काय सांगत होतात?”

जितेशने, ज्याने त्याच्यासाठी डाव्या हाताने चप्पल फेकली होती, त्याने आधी प्रेमानंदच्या मोकळ्या हातांकडे बघितलं, मग बाकाखाली वाकून बघितलं, मग खांद्याकडे.

“दादा, राग मानू नको,” तो म्हणाला. “कॅमेरा बंद आहे ना?”